वर्गणी संपलेल्यांची अंकलिपी

ही पुस्तिका नवशिक्यांसाठी आहे. नवशिका कोण, ते आधी ठरवून घेऊ. ज्याच्या घरी प्लेस्टेशन किंवा एक्सबॉक्स आहे, ज्याने कुठल्या तरी सेलमध्ये वर्षाचं सबस्क्रिप्शन एकदम घेतलं, मग दर महिन्याला मिळणारे 'फुकट' गेम इमानेइतबारे लायब्ररीत भरत गेला, त्यांतला एखादा अर्धा खेळला, बाकीचे दिवाळीच्या सुट्टीवर ढकलले, आणि ज्याला आता 'तुमची मेंबरशिप अमुक तारखेला संपत आहे' असा ई-मेल आला आहे, तो नवशिका. मुरलेल्या मंडळींना या पुस्तिकेची गरज नाही. ते ई-मेल न वाचताच पुन्हा पैसे भरतात.

साहित्य फार लागत नाही. एक कन्सोल. एक चार्ज केलेला कंट्रोलर. ज्यावर बँकेचा ओटीपी येतो तो फोन, आणि तो आईकडे किंवा बाबांकडे असेल तर त्यांचा त्या वेळचा मूड. शिवाय मनाची थोडी तयारी. लायब्ररीत दिसणारे दीड-दोनशे गेम 'माझे' आहेत असं मित्रांना सांगून झालं असेल, तर ते वाक्य हळूच मागे घ्यावं लागणार आहे.

धडा पहिला: कुलूप ओळखणे

मुदत संपल्याच्या दुसऱ्या दिवशी कन्सोल सुरू करावा. पहिल्या नजरेत काहीच बदललेलं दिसत नाही, आणि नवशिक्याला वाटतं, विसरले वाटतं हे लोक. सगळे गेम जागच्या जागी असतात. चित्रं तीच, नावं तीच. मग एका चित्रावर बारीकसं कुलूप दिसतं. प्लेस्टेशनवरचं हे कुलूप इतकं लहान असतं की सोफ्यावरून ते गेमच्या चित्राचाच भाग वाटतं. उठून टीव्हीजवळ जावं. शेजारच्या चित्रावरही कुलूप आहे. त्याच्या शेजारच्यावरही.

आता एक गोष्ट नीट समजून घ्यावी, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. गेम कुठेही गेलेला नाही. तो तुमच्याच हार्ड डिस्कवर आहे, ऐंशी-शंभर जीबी जागा अडवून बसला आहे, आणि रात्रभर वायफाय चालू ठेवून तुम्ही उतरवला तेव्हा होता तेवढाच शाबूत आहे. गेली आहे ती परवानगी. गेमबरोबर तुमच्या खात्याच्या नावाने एक लायसन्स येतं आणि वर्गणीतल्या गेमच्या लायसन्सला मुदत असते. गेम उघडताना कन्सोल आधी ते लायसन्स तपासतो, मग गेम सुरू करतो. म्हणून इंटरनेटची वायर उपटून 'आता कसं कळणार त्यांना?' असा डाव टाकणाऱ्यांनी चहा घ्यावा आणि शांत बसावं. तारीख कन्सोललाही वाचता येते.

एक्सबॉक्सची तऱ्हा वेगळी. तिथे गेम उघडायला गेलं की पडद्यावर एक प्रश्न येतो: हा गेम किंवा ॲप तुमच्या मालकीचं आहे का? याआधी असा प्रश्न तुम्हाला फार तर तलाठी कार्यालयात विचारला गेला असेल. आहे, असं वाटत असेल तर ज्या खात्याने घेतला त्या खात्याने साइन इन करा, डिस्क असेल तर डिस्क घाला, नाहीतर स्टोअरमधून विकत घ्या, असे मार्ग सुचवलेले असतात. 'गेल्या आठवड्यापर्यंत तरी तसं वाटत होतं' हे उत्तर द्यायला जागा ठेवलेली नाही.

धडा दुसरा: तीन ढीग

लायब्ररीतले सगळे गेम सारखे नसतात. रविवारी दुपारी बसून त्यांचे तीन ढीग करावेत. हे काम कंटाळवाणं आहे, पण या पुस्तिकेतलं सगळ्यात उपयोगाचं हेच आहे, तेव्हा इथे घाई करू नये.

पहिला ढीग विकत घेतलेल्या गेमांचा. यांना कुलूप लागत नाही. डिस्क असो की डाउनलोड, सबस्क्रिप्शनशी त्यांचा संबंध नाही. नवशिके इथे निश्चिंत होतात आणि संध्याकाळी मित्राबरोबर फुटबॉलचा ऑनलाइन सामना लावायला जातात. सामना लागत नाही. कारण पैसे देऊन घेतलेला गेम ऑनलाइन खेळायला प्लेस्टेशन प्लस लागतं, आणि एक्सबॉक्सवर गेम पास. म्हणजे गेम तुमचा, टीव्ही तुमचा, इंटरनेटचं बिल तुमचं, मित्रही तुमचाच. फक्त तुम्हा दोघांच्या मधला रस्ता टोलचा. फोर्टनाइटसारख्या मुळातच फुकट गेमांना ही अट नाही. एक्सबॉक्सने २०२१ च्या एप्रिलपर्यंत त्यांनाही ती लावली होती, हे जाता जाता सांगून ठेवतो.

दुसरा ढीग दरमहाच्या गेमांचा. प्लेस्टेशन प्लस २०१० साली सुरू झालं. आता त्याच्या सगळ्यात खालच्या पायरीला इसेन्शियल म्हणतात. दर महिन्याच्या पहिल्या मंगळवारी तिथे काही नवे गेम येतात आणि ते महिनाभरात 'लायब्ररीत जोडा' म्हणून घ्यायचे असतात. उतरवून घेतले नाहीत तरी चालतं. कन्सोल नसला तरी चालतं. फोनवरच्या ॲपमधूनही ते जोडता येतात. फुकट ते पौष्टिक या न्यायाने लोक वर्षानुवर्षं जोडत जातात. पीएस ५ घ्यायच्या आधीपासून पीएस ५ चे गेम जोडून ठेवलेली माणसं मी पाहिली आहेत. या ढिगाचा नियम असा: एकदा जोडलेला गेम वर्गणी चालू असेपर्यंत तुमचा, वर्गणी संपली की कुलूप, पुन्हा भरली की कुलूप उघडतं, मधे दोन वर्षं गेली असली तरी. मात्र मधल्या खंडात जे गेम आले आणि गेले, ते तुमचे नाहीत. वरातीमागून घोडं चालत नाही.

एवढ्यावरून कंपनीच्या हिशेबाची कल्पना यावी. लायब्ररीत जितके गेम जास्त, तितकं वर्गणी सोडणं जड. पाच वर्षं जोडलेले गेम एका दिवसात कुलपात जाणार असतील, तर माणूस सहाव्या वर्षाचे पैसे भरतो, खेळायला वेळ असो वा नसो. हे गेम भेट म्हणून दिलेले आहेत, अशी ज्यांची समजूत आहे त्यांनी हा परिच्छेद पुन्हा वाचावा.

तिसरा ढीग कॅटलॉगचा. प्लेस्टेशनच्या एक्स्ट्रा आणि डीलक्स पायऱ्यांवर मिळणारे शेकडो गेम आणि एक्सबॉक्स गेम पासवरचे जवळपास सगळे, या ढिगात येतात. (प्लेस्टेशनची क्लाउडवरून खेळण्याची सोय आपल्याकडे नसल्याने प्रीमियमऐवजी डीलक्स आहे, नाव मात्र दोन्हीकडे सारखंच भारदस्त.) या ढिगाची गंमत अशी की इथे वर्गणी चालू असतानाही गेम जातात. जीटीए ५ गेम पासवर २०२० च्या जानेवारीत आला, मे महिन्यात गेला. २०२१ च्या एप्रिलमध्ये परत आला, ऑगस्टमध्ये गेला. २०२३ च्या जुलैमध्ये पुन्हा आला, २०२४ च्या जानेवारीत गेला, २०२५ च्या एप्रिलमध्ये पुन्हा दारात हजर. ज्याने प्रत्येक वेळी 'या खेपेला पुरा करतो' असं ठरवलं, त्याच्या गेममध्ये अजून पहिल्या बँकेवरचा दरोडा चालू आहे. जाणाऱ्या गेमची सूचना आधी मिळते आणि तोवर तो विकत घेतला तर गेम पासवाल्यांना वीस टक्क्यांपर्यंत सूटही मिळते. पाहुण्याला निरोप देताना तोच बिल पुढे करतो, एवढाच फरक.

एक्स्ट्रावरून इसेन्शियलवर उतरलात तर तिसरा ढीग बंद होतो, दुसरा चालू राहतो. हे सहसा कुणी सांगत नाही. नूतनीकरणाच्या पानावर नजर जाते ती वरच्या पायरीकडे.

काही गेम या तिन्ही ढिगांत बसत नाहीत आणि त्यांचं भलं झालं आहे. एक्सबॉक्स ३६० च्या काळातले 'गेम्स विथ गोल्ड' ज्यांनी घेतले, त्यांचे ते वर्गणी संपूनही राहिले. पुढे एक्सबॉक्स वनच्या गेमांना ती सवलत मिळाली नाही, आणि २०२३ च्या सप्टेंबरमध्ये ती योजनाच बंद झाली. कॉम्प्युटरवर एपिक स्टोअर २०१८ पासून फुकट गेम वाटतं आहे, ते कायमचे. ॲमेझॉन प्राइमबरोबर मिळालेले पीसी गेमही प्राइम संपल्यावर राहतात. म्हणजे देऊन परत न घेणं तांत्रिकदृष्ट्या अशक्य आहे, असं मुळीच नाही.

धडा तिसरा

हा धडा वाचण्यासाठी तुमची सदस्यता चालू असणं आवश्यक आहे. तुमची प्रगती आम्ही जपून ठेवली आहे.

धडा चौथा: भिंतीला खिळा ठोकण्याआधी

महाराष्ट्रात ज्याने कधी भाड्याने घर घेतलं आहे त्याला गेमचं लायसन्स समजावून सांगावं लागू नये. अकरा महिन्यांचा लीव्ह अँड लायसन्स करार आपण सगळ्यांनी केला आहे. स्टॅम्प पेपर, दोन साक्षीदार, अंगठ्याचे ठसे, आणि पानापानावर वेगवेगळ्या शब्दांत सांगितलेली एकच गोष्ट: राहा, पण हे घर तुमचं आहे असं एक दिवससुद्धा समजू नका. मुदत संपली की मालमत्तेत तुमचा काडीचा हक्क उरत नाही. गेमच्या अटी आणि शर्तींतही तेच आहे. फरक इतकाच की तिथे साक्षीदार नसतात, आणि 'मान्य आहे' दाबण्याआधी वाचणाराही नसतो.

यातून नवशिक्यांसाठी एक व्यावहारिक सूचना निघते. भाड्याच्या घरात मॉड्युलर किचन बसवू नये. म्हणजे वर्गणीतल्या गेमचे एक्सपान्शन, जादा गाड्या, जादा नकाशे विकत घेऊ नयेत. हे जादा सामान तुमच्या पैशाने घेतलेलं असतं, त्यामुळे वर्गणी संपल्यावरही ते तुमचंच राहतं. फक्त ते ज्या गेममध्ये वापरायचं तो गेम राहत नाही. स्टोअरच्या पानावर दोन्ही एकमेकांशेजारी उभे असतात: एकावर 'खरेदी केलेलं', दुसऱ्यावर किंमत.

हा प्रसंग कल्पनेतला नाही. फोर्झा होरायझन ४ हा मोटारशर्यतीचा गेम २०१८ चा. त्यातल्या गाड्यांची आणि गाण्यांची लायसन्सं संपत आली म्हणून तो २०२४ च्या १५ डिसेंबरला दुकानातून आणि गेम पासवरून काढला. हो, कंपनीनेही गाड्या आणि गाणी लायसन्सवरच घेतलेली असतात. भाडेकरूने ठेवलेला पोटभाडेकरू म्हणजे तुम्ही आम्ही. पण तिथे एक चांगली गोष्ट घडली. गेम पासवर खेळत असताना ज्यांनी जादा सामान विकत घेतलं होतं, त्यांना कंपनीने मूळ गेमचं टोकन दिलं. ते शहाणपण सगळ्यांना सुचतंच असं नाही.

प्लेस्टेशन ५ बरोबर प्लस कलेक्शन नावाचा वीस गेमांचा संच आला होता. गॉड ऑफ वॉर, ब्लडबोर्न, अनचार्टेड ४, एकाहून एक. नवा कन्सोल घेणाऱ्यांसाठी ते मोठंच आमिष होतं. २०२३ च्या ९ मे रोजी तो संच बंद झाला. आधी जोडून ठेवले त्यांचे राहिले, पुन्हा त्याच अटीवर: वर्गणी चालू असेपर्यंत.

धडा पाचवा: सेव्ह

खरं नुकसान इथे होतं आणि नवशिक्यांचं लक्ष इथेच नसतं. गेम परत मिळतो. साठ-सत्तर तास खेळून जमवलेली तलवार परत मिळत नाही.

प्लेस्टेशनवर क्लाउडमध्ये सेव्ह ठेवण्याची सोय प्लसच्या वर्गणीबरोबरच येते. वर्गणी गेली की क्लाउडचा दरवाजा बंद. सामान लगेच फेकून देत नाहीत. सहा महिने ठेवतात, त्यानंतर ते पुसलं जाऊ शकतं. निन्टेन्डोकडे हीच मुदत १८० दिवसांची. कन्सोलच्या स्वतःच्या डिस्कवर जे सेव्ह आहेत त्यांना धक्का लागत नाही. धोका त्यांना, ज्यांनी जागा करायला कन्सोलवरचे सेव्ह पुसले आणि 'क्लाउडमध्ये आहेत की' म्हणून निवांत झाले; किंवा ज्यांचा कन्सोल नेमका वर्गणी संपल्यानंतर बिघडतो.

पीएस ४ च्या गेमांचे सेव्ह पेनड्राइव्हवर उतरवता येतात, पीएस ५ वर खेळत असलात तरी. पीएस ५ च्या गेमांचे उतरवता येत नाहीत. का, असं विचारू नये. सुरक्षेसाठी, असं उत्तर मिळेल, आणि कुणाच्या सुरक्षेसाठी हा प्रश्न मनातच राहील. एक्सबॉक्स इथे उजवा आहे. त्याचं क्लाउड सेव्ह वर्गणीवाचूनही चालतं, आणि गेम पासवर अर्धा खेळलेला गेम उद्या त्याच स्टोअरमधून विकत घेतला तर जिथे सोडला तिथून पुढे सुरू होतो. त्याच स्टोअरमधून, हे शब्द अधोरेखित करावेत. पीसीवर गेम पासने अर्धा खेळून पुढे स्टीमच्या सेलमध्ये स्वस्त मिळाला म्हणून घेणारे बहुतेक वेळा पहिल्या पानापासून सुरू करतात.

ट्रॉफ्या आणि अचिव्हमेंट मात्र कुणी काढून घेत नाही. त्या तुमच्या खात्यावर कायम राहतात. खेळता न येणाऱ्या गेमात तुम्ही प्रवीण होता, याचा कायमस्वरूपी दाखला.

धडा सहावा: घरातल्यांना सांगणे

या धड्यासाठी ठाण्यातल्या एका मित्राच्या घरचा प्रसंग पुरेसा आहे. कंपनीचं नाव सोडून देतो, कारण कुठलीही असती तरी संवाद हाच झाला असता. शनिवारची दुपार. पोरगा कंट्रोलर घेऊन बसलेला, पडद्यावर कुलूप.

"बाबा, त्या कुऱ्हाडवाल्या गेमला कुलूप लागलंय."

"सबस्क्रिप्शन संपलं असेल. भरू नंतर."

आजी शेंगा सोलत होती. तिने मान वर केली. "पैसे भरले होते ना रे?"

"भरले होते, आई. वर्षाचे होते ते. वर्ष संपलं."

"मग नेला का गेम परत?"

"नेला नाही, इथेच आहे. लावता येत नाही फक्त."

"म्हणजे कपाट आपल्याकडे, किल्ली त्यांच्याकडे."

"भाड्याने असतं, आई, ते."

"मग पावतीवर भाडं लिहिलेलं होतं का?"

मित्राने फोनमध्ये पावती शोधली. पावतीवर फक्त सेवेचं नाव, बारा महिने आणि रक्कम होती. भाडं हा शब्द कुठेही नव्हता. आजीने पुन्हा शेंगा हातात घेतल्या आणि नातवाला विचारलं, "त्या कुऱ्हाडवाल्याचं पुढे काय झालं, ते तरी कळलं का?" ते कुणालाच कळलं नव्हतं.

नवशिक्यांनी लक्षात ठेवावं की हिशेब वाईट नाही, आणि घरच्यांना तो असाच समजावून सांगावा. २०२२ साली भारतात प्लस एक्स्ट्रा आलं तेव्हा त्याची वर्षाची किंमत ४,९९९ रुपये होती. पीएस ५ चा मोठा नवा गेमही तेव्हा ४,९९९ रुपयांचाच होता. एका गेमच्या पैशात वर्षभर शेकडो गेम, हे गणित दहावीच्या मुलालाही पटतं. अडचण गणितात नाही. वर्ष संपल्यावर एका बाजूला एक गेम उरतो, तो खेळता येतो, डिस्क असेल तर विकता येतो, मामेभावाला देता येतो. दुसऱ्या बाजूला काही उरत नाही. ज्याला चार गेम खेळून पुढे जायचं आहे त्याच्यासाठी दुसरा सौदा उत्तम. ज्याला तोच गेम दर पावसाळ्यात काढून खेळायचा आहे, त्याच्यासाठी पहिला.

आपल्याकडे आणखी एक भानगड आहे. वर्गणी कधी कधी तुम्ही न ठरवताच संपते. रिझर्व्ह बँकेच्या नियमांमुळे १ ऑक्टोबर २०२१ पासून कार्डावरच्या आपोआप होणाऱ्या वसुलीला ग्राहकाची आगाऊ संमती लागते, पैसे कापायच्या २४ तास आधी कळवावं लागतं, आणि ठरावीक रकमेच्या वर दर वेळी ओटीपी लागतो. ती रक्कम आधी ५,००० होती, २०२२ च्या जूनमध्ये १५,००० झाली. नियम ग्राहकाच्या भल्याचा आहे, यात वाद नाही. न वापरलेल्या सेवांचे पैसे गुपचूप जात राहणं त्यानेच थांबलं. पण बऱ्याच परदेशी कंपन्यांना ही व्यवस्था वेळेवर बसवता आली नाही, आणि ऐन लढाईत कार्ड नाकारलं गेल्याने कुलूप लागलेले वीर आपल्याकडे पुष्कळ निघाले. त्यांनी गिफ्ट कार्डाचा मार्ग धरला. तोच नवशिक्यांनीही धरावा: पैसे संपले की वर्गणी संपते, आणि पुन्हा भरायची की नाही हे दर वेळी डोकं वापरून ठरवावं लागतं.

धडा सातवा: थोडा इतिहास, सांत्वनापुरता

हे सगळं आजचं नाही. अमेरिकेत १९९४ साली सेगा चॅनल नावाची सेवा निघाली. केबल टीव्हीच्या वायरीतून सेगाच्या कन्सोलवर गेम यायचे, महिन्याला पन्नासच्या आसपास, आणि दर महिन्याला यादी बदलायची. गेम ॲडॉप्टरच्या मेमरीत उतरायचा आणि बटण बंद केलं की पुसला जायचा. वर्गणी संपायची वाट पाहायचीसुद्धा गरज नव्हती. आई 'जेवायला चल' म्हणाली की गेम गेला. १९९८ मध्ये ती सेवा बंद पडली. आपल्या केबलवाल्यांपर्यंत ही कल्पना पोहोचली नाही, हे आपलं नशीब.

गुगलचं स्टेडिया २०१९ च्या नोव्हेंबरात सुरू झालं आणि २०२३ च्या १८ जानेवारीला बंद झालं. भारतात ते आलंच नाही. त्यात गेम तुमच्याकडे उतरतही नसे. सगळं गुगलच्या सर्व्हरवर. तरी जाताना गुगलने स्टेडियाच्या दुकानातून घेतलेल्या गेमांचे आणि आपल्या दुकानातून घेतलेल्या यंत्रांचे पैसे परत केले, आणि कंट्रोलर ब्लूटूथवर चालेल अशी सोय करून दिली. महिन्याच्या वर्गणीचे पैसे मात्र परत मिळाले नाहीत. त्यातही कुणाची तक्रार रास्त ठरली नसती: वर्गणी खेळण्याची होती आणि खेळणं झालेलं होतं.

दुसरी कथा इतकी गोड नाही. २०२४ च्या जानेवारीत युबिसॉफ्टचे सबस्क्रिप्शन विभागाचे प्रमुख फिलिप ट्रेम्बले एका मुलाखतीत म्हणाले की सबस्क्रिप्शन वाढायचं तर गेमरांना मालकीशिवाय राहण्याची सवय व्हायला हवी, जशी सीडी-डीव्हीडीबाबतीत लोकांना झाली. त्याच वर्षी ३१ मार्चला त्याच कंपनीने २०१४ च्या 'द क्रू' या गेमचे सर्व्हर बंद केले. हा गेम लोकांनी पूर्ण किमतीला विकत घेतलेला होता, म्हणजे आपल्या पहिल्या, सुरक्षित ढिगातला. एकट्याने खेळतानाही त्याला सर्व्हर लागत असल्याने तो सगळ्यांचाच बंद पडला, आणि पाठोपाठ लोकांच्या लायब्ररीतून त्याचं लायसन्सही काढून घेतलं गेलं. सवय लावण्याच्या कामात एवढी तत्परता क्वचित दिसते.

त्यातून 'स्टॉप किलिंग गेम्स' ही मोहीम उभी राहिली. रॉस स्कॉट या अमेरिकी यूट्यूबरने ती सुरू केली, आणि २०२५ च्या जुलैमध्ये युरोपीय नागरिकांच्या अधिकृत याचिकेवर दहा लाखांहून अधिक सह्या जमल्या. कॅलिफोर्नियाने २०२५ च्या १ जानेवारीपासून कायदाच लागू केला: डिजिटल वस्तूवर 'विकत घ्या' लिहायचं असेल तर ग्राहकाला फक्त लायसन्स मिळतं आहे हे स्पष्ट सांगा. जो गेम उतरवून घेऊन इंटरनेटशिवाय कायम वापरता येतो, त्याला ही अट नाही. वर्गणीलाही नाही, कारण वर्गणीत कुणी 'विकत' म्हणतच नाही. ठाण्याच्या आजींनी पावतीवर जे शोधलं असतं, ते कॅलिफोर्नियाच्या कायद्यातही मिळालं नसतं.

माझं मत विचाराल तर सबस्क्रिप्शन ही चांगली गोष्ट आहे, ती खेळणाऱ्यासाठी. साठवणाऱ्यासाठी ती वाईट. महिन्याला एक गेम धरून बसलात, तो पुरा केलात, पुढे गेलात, तर कुलूप लागलं तरी बिघडत नाही. लायब्ररी भरत बसलात तर ती लायब्ररी तुमची नाही, तुम्ही तिचे आहात. आणि एखादा गेम मनाला चिकटलाच, तर तो सेलमध्ये, शक्यतो डिस्कवर, किंवा जीओजीसारख्या दुकानातून इन्स्टॉलरसकट विकत घ्यावा. फार नसतात असे. दोन-तीन निघतील.

आता ई-मेल पुन्हा उघडा. मुदतीला आठवडा उरला असेल तर नवा गेम सुरू करू नका, अर्धा राहिलेला पुरा करा. पीएस ४ चे सेव्ह आज रात्री पेनड्राइव्हवर उतरवा. पीएस ५ चे क्लाउडमधून कन्सोलवर उतरले आहेत ना, ते बघा, कारण मुदत संपल्यावर ते खाली आणता येणार नाहीत. ऑटो-रिन्यू अकाउंटच्या सेटिंग्जमध्ये, सबस्क्रिप्शनच्या पानावर बंद करता येतं, आणि ते आज बंद केलं तरी पैसे भरलेल्या शेवटच्या दिवसापर्यंत सगळे गेम चालू राहतात.